माप

बेर्मेत आजोबालाच ‘आता’ म्हणते,
किर्गिझ बोलीत बापाला म्हणतात तसं.
आई मॉस्कोत फरशा पुसते
आणि ‘नंतर’ म्हणते.

थंडीच्या तोंडावर त्याने वर्तमानपत्रावर
कोळशाने तिचं पाऊल काढलं,
घडी घालून ट्रकवाल्याकडे दिलं.
बूट आले तेव्हा मेंढ्या
पुन्हा कुरणावर चढल्या होत्या.
लाल. बोटभर मागे राहिलेले.

“बरोब्बर बसतात गं,” ती फोनवर म्हणाली,
बोटं आत मुडपून.

रात्री तंबूत त्याने
लोकर कातरायची कात्री घेतली,
बुटांची नाकं उडवली,
घोडीशी बोलतो तसा पुटपुटला,
“वाढलीस, तर गुन्हा केलास का?”

सकाळी दहा बोटं
दवात,
घोडीच्या मागे.