पिवळा, अजून

नंदगडच्या तळ्यावर, बांधाला टेकून
मी वहीत लिहिलं: लाल चतुर, चार.
पिवळे, सात. वेगळी जात.

तवनाप्पा मास्तर हसले.
"नुसता रंग काय बघालास?
पंख बघ की. बुडाशी केशरी डाग,
टोकाजवळ ती बारीक खिडकी,
दोघांना एकच.
पिवळ्यांत काही माद्या,
बाकीची पोरं. लाल व्हायचीत अजून."

मी खोडलं. कागद फाटला.

पलीकडून म्हशी धुणारा पोरगा ओरडला,
एरोप्लेन चिट्टी!
अलीकडून माझी भाची,
हेलिकॉप्टर!

चतुर मधल्या लव्हाळ्यावर बसला,
पंख पुढे ओढून,
डोकं गर्रकन इकडे, गर्रकन तिकडे.
पोट पिवळंच,
पाठीवर मात्र कुठंतरी
चिमूटभर कुंकू सांडल्यासारखं.

हे कुठल्या रकान्यात, मास्तर?