दस्तूर

कुवेतच्या कोर्टात मी शब्द वाहते,
इकडून तिकडे, तासाच्या हिशेबाने.
दोन भाषांच्या मध्ये माझी खुर्ची आहे.
तिचा एक पाय आखूड.

आज लवू घाडी, आचऱ्याचा,
मंगफच्या कॅम्पात आठ जणांच्या खोलीतला
वरच्या पलंगावरचा.
कंपनीच्या यार्डातून तांब्याची केबल गेली.
रात्री दोनला चौघे आले. कागद नव्हता.
शिडीवरून तो उतरला तेव्हा
पायाला एकच चप्पल लागली,
दुसरी शोधू दिली नाही.

हे अरबीत सांगताना मला 'मी' म्हणावं लागतं,
तसा नियम आहे.
मी झोपलो होतो. मला कागद दाखवला नाही.
माझी एक चप्पल.
न्यायाधीश चष्म्यावरून बघतात:
बाईच्या आवाजात
पुरुषाची चप्पल.

त्याची वकील तरुण, नाव हिस्सा.
पहिल्या भेटीत, गजाआड असूनही, लवू हसला होता,
'हिस्सो? खयच्या जमिनीचो?'
मी तेही पोचवलं. तीही हसली,
म्हणाली, आमच्यातही तोच अर्थ, वाटा.

वकील, दावा, हक्क, हुकूम, तारीख, कैदी:
कधीतरी गलबतांतून हे आमच्या बंदरात उतरले
आणि तलाठ्याच्या दप्तरात जाऊन बसले.
आज माहेरी आल्यासारखे
माझ्याकडे न बघताच आत जातात.
अडतो तो एकच. अटक.
ते म्हणतात कब्ज.
कब्जा आमच्यात जमिनीवर घेतात.
माणूस अडकतो,
घशात पेडव्याचा काटा अडकावा तसा,
आणि घरचे कोरडा भात पुढे करत राहतात.

सरकारी वकील वीस मिनिटं केबलवर बोलला.
वजन, भाव, सहाव्या दिवसाची कबुली, खाली अंगठा.
(लवूला सही येते. मी हे बोलू शकत नाही.
मी फक्त वाहते.)

मग हिस्सा उठली. केबलचं नावही तिने घेतलं नाही.
म्हणाली, दस्तूर.

दस्तूर! अब्बा पत्राच्या तळाशी लिहायचे दस्तुरखुद्द,
म्हणजे दुसऱ्याकडून लिहवून घेतलेलं नाही,
माझ्या हातचं आहे.
लवूच्या एजंटने घेतली ती दस्तुरी,
सव्वा लाख, पावती नाही.
इथे दस्तूर म्हणजे राज्यघटना.
एकतिसावं कलम तिने पाठ म्हटलं:
कायद्याच्या हुकमाखेरीज कुणाला धरू नये,
कोंडू नये, कुणाची झडती घेऊ नये.

लवू माझ्या कानाशी, 'कोणाक म्हंजे?
हयल्यांकाच मा?'

मी पुन्हा ऐकलं. पुन्हा मनात वाचलं.
तिथे नागरिक हा शब्द नाही.
इन्सान आहे.
ते त्याला सांगताना
पहिल्यांदाच खुर्ची हलली नाही.

निकाल तीन आठवड्यांनी, चार ओळींचा.
कागदाविना धरलं, म्हणून अटक बातिल,
तिच्यातून आलेली कबुली बातिल.
मी तोंड उघडायच्या आत
लवू मोठ्याने म्हणाला, 'रद्दबातल?'
शिपायाने त्याला गप्प केलं.
माझ्याकडे सांगायला काही उरलंच नव्हतं.

बाहेर पायऱ्यांवर ऊन तापलेलं.
कुणाच्या तरी मोठ्या मापाच्या सपाता त्याच्या पायात.
त्याने खिशातून कंपनीच्या हजेरीची नक्कल काढली:
धरल्यापासूनच्या दर दिवसापुढे एक काट.
खाडा, खाडा, खाडा.
पगार कापलेला,
आणि तळाशी, गैरहजेरीमुळे इकामा रद्द.

'बाय, ह्ये खाडे?
ह्ये पन रद्दबातल करून गावतीत?'

हिस्सा माझ्याकडे बघत होती,
मी काय सांगते त्याची वाट पाहत.
खाड्याला अरबीत काय म्हणतात
ते मला आठवत नव्हतं.