ओस्टकांपचे तुकडे

चिलवेरी सरांचा जर्मनचा क्लास
साखर पेठेत, मागांच्या शेडवरच्या पत्र्याच्या खोलीत.
खाली खटाक-खटाक, वर डेअर, डी, डास.
आम्ही अकरा नर्सा,
दोघीतिघी सिव्हिलची नाइट करून थेट आलेल्या,
डब्यात कडक भाकरी, शेंगाचटणी,
आणि जुन्या टीव्हीत विलफ्रीड ओस्टकांप.

सर बारा वर्षं तिकडे रंगाच्या कारखान्यात होते.
येताना आणल्या एका पोलिसी मालिकेच्या पेटीभर कॅसेटी.
त्यातून हा एकच माणूस वेचून काढलेला,
कुठेही चार मिनिटांच्या वर नाही.

पहिल्यांदा दिसला तेव्हा प्रेत होता.
कालव्याकाठी, गालावर ओलं पान.
पापणी हलली.
सरांनी मागे नेऊन तीनदा दाखवली.
"नवीन आहे पोरगा," म्हणाले, "सांभाळून घ्या."

मग पोस्टमन. मग साक्षीदार.
"मी काही पाहिलं नाही, साहेब,"
हे माझं पहिलं बिनचूक जर्मन वाक्य.
महानंदा हत्तुरे ते कानडी हेलात म्हणायची
तेव्हा तो जास्तच खोटं बोलतोय असं वाटायचं.
मग बेकरीवाला, मग कमिशनरचाही साहेब.
केस मागे सरकले, आवाज खाली उतरला,
एका हिवाळ्यात दाढी, पुढच्यात बायको गेलेली.
आमचा भूतकाळ शिकून होईस्तोवर
तो पन्नाशीचा झाला.

नाटकात मात्र राजा होता, म्हणे.
एकतीस वर्षं एकाच गावच्या थिएटरात.
सरांनी एकदाच पाहिलं, मागच्या रांगेतून,
भाषा येत नव्हती तेव्हा.
"काय बोलला ते कळलं नाही.
पण मुकुट काढून मांडीवर ठेवला
आणि सगळं थिएटर खोकायचं थांबलं."
शहनाझनं विचारलं, त्याची कॅसेट?
"नाटकाची कुठं असते गं."
खाली धोटा अडकला बहुतेक,
जरा वेळ काहीच वाजेना.
मग पुन्हा खटाक.

शेवटचा तुकडा परीक्षेच्या आदल्या दिवशी.
म्हातारा, पलंगावर, एकही वाक्य नाही.
नर्स येते, कूस बदलते, जाते.
पाट्यांत त्याचं नाव शोधायला दोनदा मागे न्यावं लागलं.
"तिचा हात बघा," सर म्हणाले,
"खांद्याखाली कसा घालते."
आम्ही त्याच्याकडेच बघत होतो.
अशी माणसं आम्ही रोज उचलतो.
शुद्धीतला माणूस नाही म्हटलं तरी मदत करतो,
मान सावरतो, लाजतो, थोडा हलका होतो.
हा झाला नाही.
सगळं वजन त्यानं तिच्या हातांत सोडून दिलं,
आमच्या वॉर्डातल्या खिडकीकडच्या आजोबांसारखं.
पापणीसुद्धा.

महानंदा उठून टीव्हीजवळ गेली.
"सर, हा खरंच आजारी होता का?"
सरांना माहीत नव्हतं.
"जर्मनमध्ये विचार," म्हणाले.
तिनं विचारलं.
क्रियापद आधी घ्यायचं असतं तिथं,
तिनं आपल्यासारखं शेवटी टाकलं.