मोजणी बाकी

भूमी अभिलेखच्या तिसऱ्या खोलीत
लहानूजी हेडाऊ एकतीस वर्षं ट्रेसर होते.
सर्व्हिस बुकात एवढंच आहे,
आणि एक ठपका : ‘नकाशा ओला सादर केला.’

ओला होताच तो.
गट नंबर बावन्न, नाग नदीचा काठ.
पाणी झिरपत साहेबांच्या फायलीवर आलं
आणि त्यात बोटभर मासा होता,
असं शिपाई रामटेके सांगायचा.
मासा मी पाहिला नाही.

तांडापेठेत त्यांचं घर, खोलीभर माग.
बाप लुगडी विणायचा. बापामागं
ह्यांनी त्याच मागावर नकाशे लावले.
‘रेखांश-अक्षांश म्हणजे दुसरं काय असते, पोरी?
ताणा अन् बाणा.
आपण फक्त खळ लावतो.’

रात्री शिकवायचे : मला,
आणि बोकड्यांच्या मुक्या मुलाला.
फी एकच, एक हरवलेली जागा.
मी दिली ती विहीर,
जिच्यावर आता मोबाईलचा टॉवर आहे.
त्यांनी ती सुपारीएवढी विणली.
कान लावला की रहाट वाजायचा.

एकदा मला झिरो माईलच्या खांबाशी नेलं.
टेपचं एक टोक त्यांच्या हातात, दुसरं माझ्या.
‘जा.’
मी गेले. बर्डी, धंतोली, अजनीचा पूल,
टेप संपेना, पाय संपले.
परत आले तर आकडा शून्य.
‘बरोबर हाय,’ म्हणाले,
‘तू अजून निघालीच कुठी?’

त्यांच्या वहीत चार नियम आहेत.
मोजण्याआधी जमिनीले विचारा.
ज्या गल्लीत रडलात ती लांब भरते,
तिथं साखळीवर भरवसा ठेवू नका.
चौथा : उत्तर वर काढायची सवय सोडा.
तहानेच्या वेळी जिकडून पाणी आलं
तो कागदाचा वरचा काठ.
तिसरा त्यांनीच खोडलाय.
त्यावर आम्ही पंधरा वर्षं भांडतो,
भिंग झालं, दिवा झाला,
एकानं तर लिंबू पिळून पाहिलं.

नऊ नकाशे होते म्हणतात.
एक अजब बंगल्यात, कपाटात घडी घालून :
‘विणकाम, काळ अज्ञात.’
दोन वाळवीनं खाल्ले, आणि ती वाळवी
भिंतीवर चढली ती
खापरखेड्याच्या रस्त्याची सगळी वळणं घेत.
पाच त्यांच्या मुलानं मागासकट विकले.
त्याला काय बोलायचं,
हातमागावर कुणाचं पोट भरतं आता?

शेवटचा माझ्याकडे आला,
ते गेले त्या मे महिन्यात.
पांढरं सुती कापड. एक रेघ नाही.
उलटून पाहिलं, उजेडाशी धरलं.
म्हातारा थकला होता शेवटी, असं म्हणून
मी घडी घालणार,
तोच मुक्यानं ते माझ्या हातून ओढलं
आणि डोक्या-तोंडाला गुंडाळून दाखवलं,
फक्त डोळे उघडे.

अरे.
कोरा नाहीच हा.
दुपारचा दीड वाजलाय ह्यात.
सत्तेचाळीस डिग्री,
रस्त्यांनी अंग चोरलंय,
कुत्रीसुद्धा नालीत.

मग काय, बसलो दोघं
कुलरच्या खसमध्ये पाय सोडून.
सहाच्या सुमाराला
कापडावर अंगठ्याएवढा डाग उठला.
कुणीतरी अंगणात पाणी शिंपडलं होतं.
मग शेजारी दुसरा. पाचपावली. इतवारी.
गल्ल्या एकमेकींना हाका मारत निघाल्या,
तापल्या मातीचा वास खोलीत मावेना.
नऊपर्यंत अख्खं नागपूर
माझ्या मांडीवर ओलं होऊन बसलं.

एक तळहात तेवढा कोरडा राहिला,
तांडापेठेत, मागाच्या खोलीपुढं.
कडेला पेन्सिलीनं त्यांचं अक्षर :
मोजणी बाकी.

मुक्यानं माझ्याकडे पाहिलं.
मी तांब्या घेऊन उठले.