तीन मुठी

दादरच्या प्रयोगशाळेत दिवसाला चाळीस बाटल्या येतात,
नळाचं पाणी, टाकीचं, बोअरिंगचं,
प्रत्येकीच्या गळ्यात वॉर्डाचं अक्षर नि तारीख.
पाच वाजता सगळे गेल्यावर
मी पिशवीतून एक्केचाळिसावी काढली.
हिला नंबर नाही.

कांजूरच्या आगरातलं पाणी,
शेवटच्या हंगामात बाबानं भरून ठेवलेलं,
बुचावर मेण.
काचेचा काटा मुकादमाकडे असायचा.
बाबा बोट बुडवून चाटायचा
नि म्हणायचा, पानी पिकलं, बायो.
लिटराला तीन मुठी.

एक मिली घेतलं, त्याचं लिटर केलं.
त्यातलं पन्नास फ्लास्कमध्ये,
वर क्रोमेटचे थेंब: हळदीचं पाणी.
ब्युरेटमधून सिल्व्हर नायट्रेट
अठरापर्यंत धारेनं,
मग थेंब,
मग थेंबाची वाट बघणं,
मनगट फिरतंच आहे,
आणि विटेचा रंग आला तो गेला नाही.
एकोणीस पॉइंट दोन.

यातून कोऱ्या पाण्याचं वजा करायचं.
ज्यात काहीच विरघळलेलं नाही
त्यालाही रंग बदलायला पॉइंट दोन लागतात.
नव्या मुलांना हे पटत नाही.
मी म्हणते, नका पटवून घेऊ, वजा करा.

राहिले एकोणीस.
गुणिले दहा, गुणिले हजार,
क्लोराइडचं मीठ करायला एक पॉइंट पासष्ट.
लिटरला तीनशे साडेतेरा ग्रॅम.
भागिले तीन.
एकशे साडेचार.
रजिस्टरमध्ये याला रकाना नव्हता,
तिकिटाच्या पाठीवर लिहिलं:
पोशा घरत, उजवी मूठ, नऊ वर्षांपूर्वी.

रात्री ओट्यावरच्या वजनकाट्यावर ताटली ठेवली.
बाबा, मूठभर मीठ घाल.
का, ते त्यानं विचारलं नाही.
करंगळी आणि शेजारचं बोट
झटक्यानंतर नीट मिटत नाहीत,
तिथून मीठ गळत होतं ताटलीपर्यंत.
एकाहत्तर.
परत घाल म्हटलं.
एकोणसत्तर.

तीन वाचनं जुळल्याशिवाय आम्ही आकडा देत नाही.
तिसऱ्यांदा हात पिशवीत गेला
तो बाहेर येऊन आमटीवर थांबला.
पास का नापास, त्यानं विचारलं,
आणि तळवा चाटून तोंड वाकडं केलं:
ह्या पिशवीतल्याला चवच नाय.
मी काटा शून्यावर आणला.
ओट्यावर सांडलेलं
मोजायचं राहिलं होतं.