क्रियाशील

उम्म-अल-क्वैनच्या खोल पाण्यात पहाटे साडेतीनला
आम्ही गर्गूर उचलतो.
तारेचा घुमट, बुडाशी शिळी भाकर,
तोंड रुंद आणि आत निमुळतं होत गेलेलं.
मासा सहज शिरतो,
बाहेरची वाट त्याला सुचत नाही.

आमच्या गावच्या सोसायटीचं नेमकं उलट.

माझा अर्ज एका पानाचा.
शेअरची रक्कम, प्रवेश फी, आणि फोटो
इथल्या मल्याळी स्टुडिओतला, टाय लावलेला.
टाय त्याचाच, क्लिपचा.

ठराव क्रमांक अकरा:
अर्जदार लवू धाकू जुवाटकर गावी राहत नाहीत,
सबब क्रियाशील मच्छीमार नाहीत.
सूचक, ज्याचं लॉज आहे तो.
अनुमोदक, ज्याची खडी आहे तो.
सर्वानुमते.

यादीत माझा आजा अजून आहे,
ऐंशी सालच्या वादळात गेलेला.
त्याच्या नावावर दर महिन्याला डिझेल उचललं जातं.
तो क्रियाशील आहे.

वकीलबाई म्हणाल्या, कलम तेवीस.
दार उघडं ठेवायचं असं कायदाच सांगतो.
तुम्ही फक्त पुरावा आणा.

पुरावा.
व्हिसावर मी माळी आहे.
आठ वर्षांत एका झाडाला पाणी घातलेलं नाही.

इथेही मच्छीमारांची संस्था आहे, थंडगार, काचेच्या दाराची.
ती इथल्यांची. आम्ही बाहेर पायरीवर बर्फ फोडतो.
त्यांच्याशी माझं भांडण नाही.
ते मला परका म्हणतात
आणि मी परका आहे.

आमच्याकडे नाखवा, यांच्याकडे नोखदा.
त्या शब्दाला कुणी व्हिसा विचारला नाही.
नोखदा खलफान सत्तरीचा, चष्मा दोरीने बांधलेला.
दुपारी जाळ्यांच्या ढिगावर बसून त्याने
मला कागद लिहून दिला:
हा माणूस पाण्याचा रंग बघून
खाली हमूर आहे का सांगतो.
मी त्याला माझा मुलगा देईन, बोट देणार नाही,
पण सुकाणू देतो.
भाषांतराचे साठ दिरहम. शिक्क्याचे वेगळे.

ओरोसला सुनावणीत
त्यांच्या वकिलाने कागद वाचला, उलटा करून पाहिला,
मग हसून म्हणाला,
म्हणजे अर्जदार परदेशात मासे मारतात
हे अर्जदारच कबूल करतात.

पुढची तारीख.

त्या तारखेला सत्यवती गेली,
लिलावावरून थेट, पाटी दाराबाहेर ठेवून.
साहेबांनी विचारलं, आपण कोण?
अर्जदाराची बायको.
आपण करता काय?
तिने दोन्ही हात टेबलावर ठेवले.
बांगड्यांच्या खाली तारल्यांची खवलं, सुकून चिकटलेली,
आणि कोयत्याने गेलेलं अर्धं नख.
वास पसरला. कारकुनाने खिडकी उघडली.
ही गावी राहत नाही
असं कुणी म्हणालं नाही.

रात्री फोन.
"फॉर्म धा रुपयाक गावता.
माझ्या नावान भरलंय."
आणि माझी फाईल?
"ती आसा. खाली."
खाली?
"माझी वर ठेवलंय."

मी एवढा हसलो की वरच्या बंकवरचा मोंजूर उठला,
बंगालीत काहीतरी बोलला आणि कूस बदलून झोपला.
मला मात्र झोप आली नाही.
हसू संपल्यावर जे उरलं
ते कुठल्या रकान्यात लिहितात, कळेना.

आज गर्गूरमध्ये एक लहान हमूर आला.
खलफानने लाकडी पट्टी लावली,
शेपटीपाशी बोट ठेवलं, मान हलवली.
मी त्याला परत पाण्यात सोडला.
काळोख होता. तो कुठे गेला दिसलं नाही.

सत्यवती आता धक्क्यावर असेल,
पदर खोचून, भाव बोलत.
तिकडे दीड तास आधी उजाडतं.