दुकान नंबर चार

नोटीस मीच टाइप केली.
मराठीत, कारण हालिंगेकाकांना उर्दू येत नाही
आणि खरं सांगायचं तर मलाही.

दादांच्या लोखंडी पेटीत मुंतखब आहे,
सन १३४० फसली, महिना आबान,
कसबे उदगीर, दर्ग्यामागची चार दुकानं, एक आड, आठ चिंचा.
मदरशातल्या हाफिजजींनी ओळीखाली बोट फिरवत वाचून दाखवलं:
उत्पन्नातून रोज पाव शेर तेल दिव्याला,
वाटसरूला पाणी,
उरलंच तर बेवारशाच्या कफनाला.
बाकी कशाला नाही.

वक्फ म्हणजे थांबवणं, अब्बा सांगायचे.
जागा थांबते. विकता येत नाही, गहाण टाकता येत नाही,
पोरांच्या नावावर चढत नाही.
थांबलेल्या जागेतून फक्त फायदा झिरपतो
आडातल्या झऱ्यासारखा,
आणि मुतवल्ली म्हणजे नुसती पोहऱ्याची दोरी.

दोरी झिजली. कमिटी आली.
चिटणीस म्हणून मी, तहेसीन मुनव्वरोद्दीन, बी.कॉम.
वही उघडली तर
दुकान नंबर चार: अकरा रुपये महिना.
करार संपला तेव्हा माझा जन्मही झाला नव्हता.

नियम वाईट नाहीत. रात्री दोनदा वाचले.
बाजारभाव काढा. पेपरात जाहिरात द्या.
लिलाव उघड्यावर करा, बंद दाराआड नको.
पोटभाडेकरू नको. भिंत पाडायची नाही, ओटा पुढे सारायचा नाही.
मुतवल्लीच्या भावाला, मेव्हण्याला द्यायचं नाही.
हे शेवटचं कुणीतरी फार सोसून लिहिलं असणार.
कारण दुकान एक आणि दोन मधली भिंत काढून
जे हॉटेल झालंय, ते आमच्या मामूंचं.
त्याचं भाडं वहीत नाही.
पहिली नोटीस त्यांना गेली.
ईदला मामू आले नाहीत.

दुसरी मन्मथ हालिंगे यांना.
स्टो, पेट्रोमॅक्स, आता गॅसच्या शेगड्या.
चष्मा शर्टाला पुसून त्यांनी वाचली.
"साडेचार हजार? महिन्याला का वर्साला, माय?"
महिन्याला, काका. तेही बोली सुरू व्हायच्या आधी.
ते पिनीनं बर्नरचं भोक मोकळं करत राहिले.
बरंच झालं म्हणाले. अकरा रुपयांत झोप येत नव्हती.

मग म्हणाले, "दिव्याचं काय करता?"
कोणता दिवा?
"जुम्मेरातीचा. तुज्या अब्बाच्या मागं मीच घालतोय की तेल.
रोजचं नाही झेपत."

रजिस्टर पाहिलं.
भाडं, थकबाकी, अनामत, पावती क्रमांक.
तेलाचा रकाना नाही.
वजा करावं म्हटलं तर कोणत्या कलमाखाली?
बोर्डाच्या ऑफिसात फोन लावला.
पलीकडचे साहेब हसले नाहीत, हा त्यांचा चांगुलपणा.
"पावत्या असतील तर पाठवा," म्हणाले.

तेलाच्या पावत्या.
एकोणीस वर्षांच्या, सुट्ट्या तेलाच्या.

लिलाव सोमवारी, आडाजवळ, सकाळी अकराला.
मोबाईलवाला येणार, चपलांचा एक होलसेलवाला,
आणि लातूरचा कुणी, ज्याला मी ओळखत नाही,
ज्यानं फोनवर फक्त फूट विचारले.
हालिंगेकाकाही अनामत भरून गेले.
पाचशेच्या नोटा, रॉकेलचा वास असलेल्या.
मी दोनदा मोजल्या. नियमच आहे तसा.
पावती फाडून दिली, ती त्यांनी घडी न घालता
पत्र्याच्या डब्यात ठेवली, वायसरांवर.

आज जुम्मेरात. मगरिबनंतर मागच्या बाजूला गेले.
दिव्यात तेल होतं.
सोमवारपर्यंत पुरेल का म्हणून
बोट बुडवून पाहिलं,
दीड पेर.
बोट ओढणीला पुसलं
आणि वात थोडी आत ओढली.